पाण्याच्या वरच्या बोटभर थरात

गेल्या काही वर्षांत एका प्राण्याचे छायाचित्र मोबाइलवरून घरोघरी पोचले आहे. ओल्या वाळूवर किंवा कोणाच्या तळहातावर पडलेला इवलासा जीव, जेमतेम तीन सेंटिमीटरचा. गडद निळा, मधूनच रुपेरी. दोन्ही अंगांना बोटांचे फाकलेले झुबके आणि मागे निमुळती होत गेलेली शेपटी. खाली नाव लिहिलेले असते ‘निळा ड्रॅगन’. चित्र खरे असते, रंगही बहुतेक वेळा खरेच असतात. तरीही या प्राण्याविषयी जे जाणून घ्यायला हवे, त्यातले जवळजवळ काहीच त्या चित्रात नसते. तो ज्या जागी जन्मतो, खातो, जुगतो आणि मरतो, ती जागाच चौकटीबाहेर राहिलेली असते. वाळूवर दिसतो तो घरातून बाहेर फेकला गेलेला, बहुधा मरणपंथाला लागलेला प्राणी.

हे पुस्तक त्याला त्याच्या जागी ठेवून पाहते. ती जागा म्हणजे खुल्या समुद्राचा पृष्ठभाग. पाणी संपते आणि हवा सुरू होते तिथला बोटभर जाडीचा थर. समुद्र म्हटला की आपल्याला किनारा आठवतो, नाहीतर खोली आठवते. या दोहोंच्या वर पसरलेला हा अफाट थर नजरेतून सुटतो, कारण आपण त्याला जागा मानतच नाही. आपल्या लेखी ती नुसती हद्द असते, बोटी जिच्यावरून जातात आणि माणसे जिच्याखाली बुडी मारतात. मला या प्रस्तावनेत सांगायचे आहे ते एवढेच, की ती वस्ती आहे. तिथे कायमचे राहणारे जीव आहेत, त्यांचे आपसांतले वैर आहे, उपासमार आहे, बाळंतपणे आहेत. निळा ड्रॅगन त्या वस्तीत ठेवून पाहिल्याशिवाय कळत नाही.

प्राणिशास्त्रात त्याचे नाव ग्लॉकस अटलांटिकस. तो मृदुकाय प्राणी आहे, गोगलगाईच्या गोतातला. पण प्रौढपणी त्याला शंख नसतो. अशा बिनशंखाच्या, कल्ले उघडे असलेल्या समुद्री गोगलगाईंना नुडिब्रँक म्हणतात. त्यांच्या तीन हजारांहून अधिक जाती माहीत आहेत आणि रंगांची उधळण करण्यात त्यांचा हात धरणारे प्राणी समुद्रात थोडेच. त्यातल्या बहुतेक सगळ्या तळाला धरून राहतात. खडक, प्रवाळ, समुद्रशैवाल, स्पंज अशा कशावर तरी त्या सरपटत असतात. ओहोटीला आपल्याकडच्या खडकाळ किनाऱ्यांवर, अगदी मुंबईत हाजी अलीच्या किंवा कार्टर रोडच्या खडकांतल्या डबक्यांतही, नीट वाकून पाहिले तर त्या भेटतात. त्यांना पायाखाली काहीतरी घट्ट लागते. गोगलगाईचा सगळा देहच त्यासाठी घडलेला आहे: खाली रुंद स्नायूमय पाय, वर बाकीचे अवयव.

ग्लॉकसच्या पूर्वजांनी तो तळ सोडला. खाली हजारो मीटर पाणी आणि पाय टेकायला काहीच नाही, अशा ठिकाणी त्यांची पिलावळ जगू लागली. मग त्या पायाचे काय झाले? पाय तसाच राहिला, फक्त त्याने दिशा बदलली. ग्लॉकस आयुष्यभर उलटा तरंगतो. तो हवेचा बुडबुडा गिळतो आणि जठरात धरून ठेवतो. त्या बुडबुड्याच्या जोरावर त्याचे शरीर पृष्ठभागाला खालून लटकल्यासारखे राहते, पाय आकाशाकडे, पाठ तळाकडे. आपण छायाचित्रात ज्या निळाईवर भाळतो ते त्याचे पोट आहे. पाठ रुपेरी, राखाडी, बरीचशी फिकी असते.

या उलटेपणामुळे रंगांचा हिशेबही उलटा झाला. बांगडा, तारली, सुरमई असे उघड्या पाण्यात राहणारे मासे पाठीकडून गडद आणि पोटाकडून चंदेरी असतात, म्हणजे वरून पाहणाऱ्याला ते खालच्या काळोखात मिसळून जातात आणि खालून पाहणाऱ्याला वरच्या उजेडात. ग्लॉकसचीही युक्ती तीच आहे, पण तो उताणा असल्यामुळे त्याचे पोट गडद निळे झाले आणि पाठ चंदेरी. घिरट्या घालणाऱ्या पक्ष्याला निळ्या पाण्यावर निळे पोट दिसते, म्हणजे काहीच दिसत नाही. खालून येणाऱ्या माशाला लखलखत्या पृष्ठभागाशी रुपेरी पाठ दिसते, म्हणजे पुन्हा काहीच नाही. जो रंग वाळूवर डोळ्यांत भरतो, तो स्वतःच्या जागी लपण्यासाठी आहे. हे समजले की त्या प्रसिद्ध छायाचित्राचा अर्थच पालटतो.

याच थरात राहणारे इतर प्राणीही निळे आहेत, एकमेकांशी काही नाते नसतानाही. वेलेला निळी, पोर्पिटा निळी, फायसेलियाचा फुगा निळसर जांभळा, जँथिना नावाच्या गोगलगाईचा शंख जांभळा. पृष्ठभागालगत पोहणारी कितीतरी सूक्ष्म कवचधारी पिल्ले आणि कोपेपॉड नावाचे बारीक जीवसुद्धा निळे. वेगवेगळ्या कुळांतून आलेल्या जीवांवर एकाच जागेने एकच रंग चढवला आहे. वेलेलातला निळा रंग कशाचा असतो हे रसायनशास्त्राने उलगडले आहे. त्यात अस्टाझँथिन हे मूळचे नारिंगी-तांबडे द्रव्य असते. प्रथिनाला बांधले गेले की ते निळे दिसते. कोळंबीच्या अंगातही हेच द्रव्य असते. कच्ची कोळंबी करडी, निळसर असते आणि गरम तेलात पडताच लालबुंद होते, ती उष्णतेने प्रथिनाची पकड सुटते म्हणून. कोकणातल्या प्रत्येक स्वयंपाकघरात हा प्रयोग रोज होत असतो. भर समुद्रातल्या त्या निळाईचे गुपित तिथेच चुलीवर उकलते, हे मला फार सुंदर वाटते.

या शेजाऱ्यांची ओळख करून द्यायलाच हवी, कारण ग्लॉकस त्यांनाच खातो.

पहिली फायसेलिया. मुंबईत तिला ‘ब्लू बॉटल’ म्हणतात आणि वर्तमानपत्रे तिला जेलीफिश म्हणून मोकळी होतात, पण ती जेलीफिश नव्हे. तो एकटा प्राणीही नव्हे. एकाच अंड्यातून वाढलेल्या, पण वेगवेगळी कामे वाटून घेतलेल्या अनेक घटकांची ती वसाहत आहे. कोणी फुगा झाला, कोणी पोट, कोणी प्रजननाचे अंग, कोणी दंश करणारा तंतू. फुग्यातल्या वायूत कार्बन मोनॉक्साइडही असतो, आणि तो फायसेलिया स्वतः तयार करते. आपल्याला काही मिनिटांत मारणारा वायू तिथे शिडात भरलेला असतो. खाली सोडलेले तंतू साधारणपणे दहा मीटरपर्यंत आणि मोठ्या प्राण्यांत तीस मीटरपर्यंतही लांबतात.

दुसरी वेलेला. चपट्या लंबगोल तराफ्यावर तिरके बसवलेले पारदर्शक शीड, अशी तिची रचना. या शिडाची एक गंमत शास्त्रज्ञांना फार काळ विचारात पाडत आली. काही वेलेलांचे शीड डावीकडे तिरके असते, काहींचे उजवीकडे. एकाच वाऱ्यात एक प्रकार वाऱ्याच्या एका बाजूला सरकत जातो, दुसरा दुसऱ्या बाजूला. त्यामुळे एखाद्या वादळात सगळी वेलेला एकाच किनाऱ्यावर आदळून संपत नाही; अर्धी तिकडे गेली तरी अर्धी समुद्रात राहते. फायसेलियातही असेच डावे-उजवे भेद आहेत. तिसरी पोर्पिटा, रुपयाच्या नाण्याएवढी चकती आणि तिच्या कडेने निळे धागे. हिला ‘ब्लू बटन’ म्हणतात. पावसाळ्यात जुहूच्या वाळूवर ही दिसली नाही असे वर्ष विरळा.

आणि चौथी जँथिना. या गोगलगाईने आपला शंख टाकलेला नाही. ती पायातून चिकट स्राव काढते, त्यात हवा कोंडून एकामागून एक बुडबुडे तयार करते आणि त्या बुडबुड्यांच्या तराफ्याला उलटी लटकून राहते. तराफा सुटला तर ती बुडते, कारण तिला पोहता येत नाही. हा तराफा आला कुठून, याचे उत्तर 2011 मध्ये मिळाले. सीलिया चर्चिल आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी जनुकांवरून दाखवले, की जँथिनाचे पूर्वज तळावर राहणाऱ्या, एपिटोनियमच्या कुळातल्या गोगलगाई होत्या आणि बुडबुड्यांचा तराफा हे मुळात अंड्यांचे रूपांतरित वेष्टन आहे. एका आईच्या अंड्यांच्या वेष्टनात हवा अडकली आणि त्यातून पुढे सबंध कुळाला समुद्राच्या माथ्यावरची वस्ती लाभली.

ग्लॉकस या सगळ्यांवर चरतो. फायसेलिया मिळाली तर ती त्याला सर्वांत पसंत दिसते. स्वतः तीन सेंटिमीटरचा आणि खाद्य त्याच्या कित्येक पट. तो तिला बिलगतो, करवती दातांच्या पट्टीने लचका तोडतो आणि दंश करणारे तंतू खात सुटतो. त्या तंतूंत लाखो सूक्ष्म कुप्या असतात. प्रत्येक कुपीत गुंडाळून ठेवलेला पोकळ धागा असतो, आणि स्पर्श होताच तो बाण सुटावा तसा बाहेर पडून विष टोचतो. ग्लॉकसच्या तोंडाला, घशाला, आतड्याला हे काहीच का होत नाही? त्याच्या अंगावरचा बुळबुळीत स्राव आणि आतले कठीण अस्तर त्याला वाचवते. पण खरी आश्चर्याची गोष्ट पुढची आहे. न सुटलेल्या कुप्या तो पचवत नाही. पचनमार्गाच्या फाट्यांमधून त्या त्याच्या बोटांच्या टोकापर्यंत नेल्या जातात आणि तिथल्या खास पिशव्यांत साठवल्या जातात. ज्या बोटांमुळे तो ड्रॅगनसारखा दिसतो, त्या बोटांच्या टोकांना दुसऱ्याकडून मिळवलेली हत्यारे भरलेली असतात. एकाच जागी दाटीने साठवल्यामुळे त्याचा दंश कधीकधी मूळ फायसेलियाहून जास्त झोंबतो. तळहातावर ठेवून काढलेली छायाचित्रे म्हणूनच मला बघवत नाहीत. त्यात प्राणी मरत असतो आणि माणूस विषाशी खेळत असतो, दोघांनाही त्याचे भान नसते.

हे विष चोरण्याचे कसब एकट्या ग्लॉकसचे नाही. इओलिड गटातल्या अनेक समुद्री गोगलगाई ते करतात. खडकांवर समुद्रफुले खाऊन आपली बोटे अशीच सशस्त्र करतात. ग्लॉकसने ते कसब सोबत घेऊन घर बदलले.

विणीच्या बाबतीत मात्र या घराने त्याची खरी कसोटी घेतली आहे. प्रत्येक ग्लॉकस एकाच वेळी नर आणि मादी असतो, त्यामुळे गाठ पडलेला कोणताही दुसरा ग्लॉकस जोडीदार होऊ शकतो. जिथे दोन प्राण्यांची भेट केवळ वारा आणि प्रवाह यांच्या मर्जीवर अवलंबून असते, तिथे ही सोय किती मोलाची आहे हे सांगायला नको. जुगताना ते पोटाला पोट लावतात, सशस्त्र बोटे बाजूला ठेवून. मग अंडी घालायची कुठे? खडक नाही, शैवाल नाही. ग्लॉकस आपली अंडी चिकट लडींच्या रूपात घालतो, आणि त्या लडी बऱ्याचदा त्याने नुकत्याच खाल्लेल्या भक्ष्याच्या उरलेल्या सांगाड्याला, म्हणजे वेलेलाच्या तरंगत्या तराफ्यासारख्या वस्तूला चिकटवतो. काही लडी तशाच पाण्यात सुटतात. अंड्यातून निघणाऱ्या डिंभाला एक चिमुकला शंख असतो. पुढे तो गळून पडतो.

आता ही वस्ती. 1917 साली स्वीडनच्या आयनार नाउमान यांनी पाण्याच्या पृष्ठभागाशी बांधलेल्या जीवसमूहाला न्यूस्टन हे नाव दिले. त्यांचा अभ्यास गोड्या पाण्याचा होता. समुद्राच्या पृष्ठभागाखालच्या पहिल्या काही सेंटिमीटरांत किती दाट जीवन असते, हे पुढे काळ्या समुद्रावर काम करणाऱ्या ओडेसाच्या युवेनाली झाइत्सेव यांनी दाखवले. माशांची अंडी, खेकड्यांची पिल्ले, कोपेपॉड, हे सारे त्या थरात खालच्या पाण्यापेक्षा कितीतरी पटींनी दाटीने असतात. पूर्वी जाळी पाण्याखालून ओढली जायची आणि नेमका वरचा थर निसटायचा. झाइत्सेव यांनी पृष्ठभागावरूनच जाळे ओढायची पद्धत बसवली आणि समुद्राचा माथा पहिल्यांदा नीट मोजला गेला.

तिथले हवामान कठोर आहे. अतिनील किरणे थेट अंगावर, दुपारी तापलेले पाणी, पाऊस आला की घटकाभर जवळजवळ गोड्या पाण्याची साय, वारा सुटला की उधळलेल्या लाटा. आसरा म्हणून खड्डा नाही, दगड नाही. वरून पक्षी, खालून मासे आणि कासवे. तरीही ही जागा एकसारखी सपाट नाही, आणि हेच मला वाचकाच्या मनावर ठसवायचे आहे. इर्व्हिंग लँगम्युअर या अमेरिकी रसायनशास्त्रज्ञाला 1927 मध्ये अटलांटिक ओलांडताना दिसले, की पाण्यावर तरंगणारे सारगॅसम शैवाल वाऱ्याच्या दिशेत लांबच लांब समांतर रांगांत गोळा झाले आहे. वाऱ्याची दिशा बदलली तशा रांगाही फिरल्या. त्याने या गोष्टीचा पाठपुरावा केला आणि 1938 मध्ये स्पष्टीकरण प्रसिद्ध केले: वाऱ्याने पाण्यात शेजारीशेजारी उलटसुलट फिरणारी आडवी वेटोळी तयार होतात, जिथे दोन वेटोळ्यांचे पाणी एकमेकांकडे येऊन खाली जाते, तिथे तरंगणारी प्रत्येक वस्तू अडकून राहते. भर समुद्रात फेसाचे जे लांब पट्टे दिसतात ते हेच. पृष्ठभागावरच्या जीवांच्या दृष्टीने हे पट्टे म्हणजे बाजारपेठेचे रस्ते आहेत. ग्लॉकसला स्वतःला फारसे पोहता येत नाही. बोटे आणि अंग हलवून तो थोडेसे सरकतो एवढेच. भक्ष्याचा आणि जोडीदाराचा शोध त्याच्या वतीने वारा घेतो. त्याच वाऱ्याने लोटून आणलेल्या फायसेलियाशी, वेलेलाशी आणि दुसऱ्या ग्लॉकसशी त्याची गाठ या पट्ट्यांत पडते.

वाऱ्यावर सोडून दिलेला प्राणी सगळ्या महासागरांत एकच असणार, असे कोणालाही वाटेल. ग्लॉकसचे नाव पडले तेही अशाच एका जगप्रवासातून. कॅप्टन कुकच्या दुसऱ्या सफरीवर ‘रेझोल्यूशन’ जहाजावर योहान फॉर्स्टर हा निसर्गतज्ज्ञ आणि त्याचा मुलगा गेऑर्ग होते. 1772 च्या जुलैमध्ये जहाज निघाले तेव्हा गेऑर्ग सतरा वर्षांचा होता. परतल्यावर 1777 मध्ये त्याने लिहिलेल्या प्रवासवर्णनातून ग्लॉकस अटलांटिकस हे नाव विज्ञानात आले. अटलांटिकचे नाव धारण करणारा हा प्राणी पुढे प्रशांत आणि हिंदी महासागरांतही सापडला. मात्र 2014 मध्ये चर्चिल, व्हाल्देस आणि ओ फॉइल यांनी जनुके तपासली तेव्हा आफ्रो-युरेशिया आणि अमेरिका हे भूभाग त्याच्याही वाटेत भिंतीसारखे उभे असल्याचे दिसले. त्याच वर्षी त्यांनी दाखवले, की ग्लॉकस मार्जिनॅटस या नावाने ओळखला जाणारा त्याचा छोटा भाऊबंद ही एक जाती नसून चार आहेत. 2025 मध्ये फायसेलियाच्याही निदान चार जाती असल्याचे पुढे आले. समुद्राचा माथा एकसंध दिसतो, पण राहणाऱ्यांसाठी त्यात प्रांत आहेत, वेशी आहेत.

यातला आपला प्रांत अरबी समुद्राचा. जून ते सप्टेंबर नैर्ऋत्येचा वारा पृष्ठभागावरचे सारे काही पश्चिम किनाऱ्याकडे लोटतो. महाराष्ट्रात 1 जून ते 31 जुलै यांत्रिक बोटींच्या मासेमारीला बंदी असते. होड्या ओढून ठेवलेल्या असतात, जाळी डागडुजीला काढलेली असतात, आणि नेमक्या त्याच दिवसांपासून भर समुद्रातले हे निळे रहिवासी वाळूवर येऊ लागतात. फायसेलिया, पोर्पिटा, कधी जँथिनाचे जांभळे शंख. ऑगस्ट 2018 मध्ये मुंबईच्या किनाऱ्यांवर दोन दिवसांत दीडशेच्या आसपास लोकांना फायसेलियाने दंश केल्याच्या बातम्या आल्या होत्या. गणेशविसर्जनाचे दिवसही याच हंगामात येतात, आणि हजारो माणसे अनवाणी पाण्यात उतरतात. मेलेल्या, वाळलेल्या फायसेलियाचे तंतूही दंश करतात. दंश झालाच तर चोळू नये, चिकटलेले तंतू हाताने ओढू नयेत, समुद्राच्याच पाण्याने धुवावे, सोसेल इतक्या गरम पाण्यात तो भाग धरावा आणि श्वासाला त्रास वाटला तर लगेच डॉक्टरांकडे जावे. पुस्तकात हा भाग सविस्तर आहे आणि तो आधी वाचावा असे मी सुचवेन.

त्याच वाऱ्याबरोबर आणखी एक गोष्ट येते, डांबराचे गोळे. गोव्याच्या आणि कोकणाच्या किनाऱ्यांवर पावसाळ्यात काळे, चिकट गोळे पसरतात. जहाजांतून आणि तेलविहिरींतून सांडलेल्या तेलाचे ते घट्ट झालेले अवशेष. दोना पावला येथील राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्थेने त्यांचा माग काढण्याचे काम वर्षानुवर्षे केले आहे. आपण त्या गोळ्यांचा विचार पर्यटनाच्या आणि पायांना लागणाऱ्या घाणीच्या अंगाने करतो. ते वाळूवर येण्याआधी कुठे होते हे विचारत नाही. ते पृष्ठभागावर होते, त्याच बोटभर थरात, त्याच फेसाच्या पट्ट्यांत, जिथे वारा भक्ष्य, भक्षक आणि अंडी एकत्र आणतो. तेलाचा तवंग माथ्यावरच पसरतो. त्याखाली खोलवर पोहणारा मासा दूर जाऊ शकतो. उलटा लटकलेला ग्लॉकस कुठे जाणार?

बंगालच्या उपसागराच्या बाजूला, डिसेंबर 2023 मध्ये मिचाँग चक्रीवादळानंतर चेन्नईच्या बेसंट नगर किनाऱ्यावर ग्लॉकस प्रजातीतले निळे ड्रॅगन आले, तेव्हा भारतातल्या पुष्कळ लोकांनी त्यांचे नाव प्रथमच ऐकले. ऑगस्ट 2025 मध्ये स्पेनच्या ग्वार्दामार देल सेगुरा येथे दोन-तीन ग्लॉकस सापडताच किनारा काही काळ बंद करावा लागला. दोन्ही वेळा बातमी झाली ती किनाऱ्याची.

आणि आता प्लॅस्टिक. उत्तर प्रशांत महासागरात प्रवाहांच्या भोवऱ्यामुळे तरंगता कचरा गोळा होतो, हे बहुतेकांना ठाऊक आहे. कमी लोकांच्या लक्षात येते, की तरंगणारे जीवही त्याच प्रवाहांनी तिथेच गोळा होतात. बेन लेकोंत हा जलतरणपटू 2019 मध्ये या कचऱ्याच्या पट्ट्यातून ऐंशी दिवसांच्या मोहिमेवर पोहत गेला. त्याच्या सोबतच्या बोटीवरून रोज पृष्ठभागावर जाळे ओढून नमुने घेतले गेले. रिबेका हेल्म आणि सहकाऱ्यांनी त्यांचे विश्लेषण करून 2023 मध्ये ते प्रसिद्ध केले. वेलेला, पोर्पिटा आणि जँथिना यांची दाटी पट्ट्याच्या आत बाहेरच्यापेक्षा जास्त होती, आणि जिथे प्लॅस्टिक अधिक तिथे तेही अधिक होते. ग्लॉकस आणि फायसेलियाची संख्या मुळातच विरळ होती. म्हणजे ज्याला आपण कचऱ्याचा पट्टा म्हणतो, तो आधीपासूनच एका वस्तीचा गजबजलेला भाग आहे. पृष्ठभाग जाळ्याने गाळून प्लॅस्टिक काढायचे, तर त्या जाळ्यात कोण कोण येते हे आधी मोजावे लागेल. प्लॅस्टिक समुद्रात राहू द्यावे असे कोणी म्हणत नाही, मीही म्हणत नाही. नदीच्या मुखाशी, नाल्याच्या तोंडाशी ते अडवले तर या जीवांना धक्का लागत नाही; भर समुद्रात गाळताना लागतो. मुंबईच्या मिठी नदीपासून कोकणातल्या खाड्यांपर्यंत आपल्याला करण्यासारखे काम त्यामुळे अगदी दारात आहे.

प्रकरणांचा क्रम किनाऱ्याकडून समुद्राकडे नसून समुद्राकडून किनाऱ्याकडे आहे, आणि तो मला योग्य वाटतो. आधी वारा आणि पाणी, मग फायसेलिया आणि तिचे सोबती, मग ग्लॉकस, आणि सर्वांत शेवटी वाळू. चित्रे पाहण्याच्या ओढीने शेवटचे प्रकरण आधी उघडणाऱ्यांना हवे ते मिळेल, पण चित्रातला प्राणी उताणा का आहे हे त्यांना पुन्हा मागे येऊनच समजून घ्यावे लागेल. सारगॅसम शैवालाला धरून राहणारी स्किलिया आणि तरंगत्या ओंडक्यांवरच्या बार्नेकल या कवचधारी जीवांवर जगणारी फिओना या दोन समुद्री गोगलगाईंवर एक छोटे टिपण आहे. ग्लॉकसइतक्या त्या देखण्या नाहीत, पण तळ सोडलेल्या गोगलगाईने धरलेल्या वेगळ्या वाटा म्हणून त्या वगळता येत नाहीत.

वाचकांकडून एक मदत हवी आहे. 2017 पासून ‘मरीन लाइफ ऑफ मुंबई’ या उपक्रमातून सामान्य नागरिक किनाऱ्यावर फिरून दिसलेल्या प्राण्यांच्या नोंदी करत आले आहेत आणि त्या आयनॅचरलिस्ट या संकेतस्थळावर सर्वांसाठी खुल्या आहेत. पावसाळ्यात तुम्हाला वाळूवर निळे काही दिसले, तर हात न लावता वरून आणि बाजूने छायाचित्र घ्या, शेजारी नाणे किंवा चावी ठेवून आकार कळू द्या, तारीख, वेळ आणि ठिकाण लिहा. एक गोष्ट बहुतेक जण विसरतात ती म्हणजे वारा. तो कुठून आणि किती दिवस वाहत होता, आदल्या दोन-तीन दिवसांत वादळ झाले का, सोबत आणखी काय वाहून आले, फायसेलिया किती, पोर्पिटा किती, डांबराचे गोळे होते का, हे दोन ओळींत टिपून ठेवा. वेलेला सापडली तर तिचे शीड डावीकडे तिरके आहे की उजवीकडे, तेही पाहा.